पुढचे चार दात

तळहात तोंडापुढे धरायचा, गाल टम्म फुगवायचे आणि हळूच फुंकायचं. मग हात फिरवून फिरवून बघायचा. मामा हे कुठेही करायचे. दवाखान्याच्या बाकावर, रिक्षात, टपरीवर चहा येईपर्यंत. कुणी विचारलं तर म्हणायचे, "वारा कुठून पळतो ते बघतो." समोरचा माणूस हसला की मामाही हसायचे, आणि हसले की पुढच्या चार दातांच्या जागी काळं भगदाड दिसायचं.

ते भगदाड बुजवायचं काम माझ्याकडे आलं होतं.

तुमच्यापैकी कुणाला कवळी असेल तर ती कुणी घडवली हे तुम्हाला ठाऊक नसणार. पेशंट डॉक्टरांना ओळखतात. पंचवटीतल्या आमच्या दवाखान्यात डॉक्टरीणबाई पुढे बसतात आणि मी पडद्यामागच्या खोलीत प्लॅस्टरचे साचे, मेण आणि घासायचं यंत्र घेऊन बसते. बावीस वर्षांत पडदा सारून आत आलेला पहिला पेशंट म्हणजे मामा. त्यांना सगळेच मामा म्हणत, म्हणून मीही म्हणू लागले.

लग्नसराईचे दिवस होते. सकाळीच ते आले. ओठ फाटून नाकापर्यंत सुजलेला, सदऱ्याचा पुढचा भाग रक्तानं कडक झालेला. हातात पळसाच्या पानाची पुडी. ती त्यांनी माझ्या टेबलावर उलगडली. आत चार दात. एक मुळापासून निघालेला, तीन मधूनच तुटलेले.

"ताई, हे परत बसवा. माझेच हायेत."

मी म्हटलं, असे परत बसत नाहीत. इतका वेळ गेल्यावर तर नाहीच.

"मग दुसरे द्या. कसलेबी द्या. पण वारा धरला पायजे."

वारा का धरायचा, हे मला तेव्हा कळलं नाही. मग त्यांनी सांगितलं. मामा पावरी वाजवायचे. पेठच्या पलीकडच्या डोंगरातलं हे वाद्य. वाळवलेला भोपळा, त्यात खोचलेल्या बांबूच्या दोन नळ्या, टोकाला बैलाचं शिंग, आणि सगळे सांधे मेणानं बुजवलेले. ती फुंकताना श्वास तोडायचा नसतो. नाकानं हवा आत घ्यायची, गालात साठवायची आणि तोंडानं सोडत राहायची. तासभर, दोन तास. पुढचे दात नसले की ओठ आत पडतात आणि गालातली हवा निसटून जाते.

मामा आणि त्यांच्या गावचे पाच जण असं सहा जणांचं मंडळ होतं. पोटासाठी सगळे नाशकात आलेले. मामा मार्केट यार्डात पोती उचलायचे. पण डोंगराकडचं कुणाचं लग्न असलं, देवाचा कार्यक्रम असला की सहाही जण काम टाकून जायचे. "आम्ही मेलो की ही बंद," असं ते अगदी सहज म्हणायचे. यार्डातलं दुकान बंद होण्याबद्दल बोलावं तसं.

आदल्या दिवशी पेठ रोडच्या एका वस्तीत हळद होती. नवरीच्या आजीला पावरी हवी होती आणि नवऱ्याच्या मित्रांना डीजे. आधी कोण, नंतर कोण यावरून बोलाचाली झाली. एक जण येऊन म्हणाला, "बास आता." मामांनी डोळे मिटले आणि वाजवत राहिले. त्या माणसानं पुढच्या शिंगावर लाथ घातली. फुंकायची नळी सरळ मामांच्या तोंडात घुसली.

"कचकन आवाज झाला," मामा मला सांगत होते, आणि सांगताना रक्ताची थुंकी पुसत होते. "मला वाटलं पावरी फुटली. हात लावून बघितलं, पावरी धड हाय. मंग जीव खाली पडला."

"मग तुम्ही काय केलं?"

"दात असते तर त्याचा कान तोडला असता. नव्हते, म्हणून डोकं घातलं. त्याचं नाक फुटलं." ते हसले आणि ओठाची खपली उकलून पुन्हा रक्त आलं. "पोरगीच्या हळदीला लाल डाग पडले. वाईट झालं ते."

डॉक्टरीणबाई म्हणाल्या, पोलिसांत जा. मामांनी नकारार्थी मान हलवली. कोणी मारलं, विचारल्यावर म्हणाले, "पडलो."

जखम भरायला दीड महिना थांबावं लागणार होतं. मामा तीन आठवड्यांनीच हजर झाले. कसे आहात विचारलं की एकच उत्तर, "दम आहा." त्यांच्या बोलीत आहे-ला आहा म्हणतात. शहरात तीस वर्षं राहून त्यांचं बाकी सगळं बोलणं बदललं होतं, हे दोन शब्द तेवढे राहिले होते.

पहिली कवळी मी नेहमीसारखीच केली. चार दात, गुलाबी हिरडी, बाजूच्या दातांना धरायला तारेच्या आकड्या. मामांनी ती घातली, तळहातावर फुंकून पाहिलं आणि खताच्या गोणीतून पावरी काढली. मी नको नको म्हणेपर्यंत त्यांनी फुंकायला सुरुवात केली होती.

तो आवाज कसा सांगू. वासरू हंबरतं तसा सुरू होतो आणि मग थांबतच नाही. कुठेतरी संपेल म्हणून आपण वाट बघतो, आपलाच श्वास अडकतो, पण तो चालूच. बाहेर बाकावरचे पेशंट उठून उभे राहिले. डॉक्टरीणबाईंचं यंत्र थांबलं. आणि तेवढ्यात कवळी मामांच्या तोंडातून सुटली, समोरच्या भिंतीवर आपटली आणि तिचे दोन तुकडे झाले.

"वारा जिंकला," मामा म्हणाले.

दुसरी कवळी फुटली नाही, पण वाजवताना टाळूला घासून जखम करायची. मामा ती रक्त थुंकत थुंकत आठवडाभर वापरत राहिले. मग म्हणाले, "ताई, तुम्ही वाजवताना बघायला या. लांबून नाय कळायचं."

म्हणून एका रविवारी मी पेठ रोडला गेले. वस्तीच्या मागे मोकळं मैदान होतं, तिथे मंडळ सराव करायचं. मामांचा मेहुणा ढोल घेऊन बसला होता. बाकी चौघे एकमेकांच्या कमरेत हात घालून फेर धरत होते. त्यातला एक जण सोसायटीचा वॉचमन, तो गणवेशातच आलेला. मामा मध्ये उभे राहून पावरी वाजवत होते. कमरेला एक हातभर काठी खोचलेली.

गालाचा ताण कुठे येतो, ओठ कसे दाबतात, हे मी जवळ जाऊन बघत होते. इतक्यात वॉचमनचा पाय चुकला. मामांनी पावरीचा आवाज न तोडता एका हातानं काठी उपसली आणि त्याच्या नडगीवर हाणली. चापट मारावी तशी नाही. सगळा जोर लावून. नडगीची साल निघाली, खाकी पॅन्टवर ओला डाग पसरला. वॉचमननं दात आवळले आणि पाय उचलला. ढोलसुद्धा चुकला नाही.

मी मागे सरकले. बाजूला मामी लोखंडी पळीत मेण वितळवत बसल्या होत्या. त्यांच्या शेजारी टेकले. पळी धरलेला त्यांचा हात मला विचित्र दिसला. मनगट बाहेरच्या बाजूला वळलेलं होतं.

"पडलात का कधी?"

"ह्यांनी मोडला," मामी मेणाकडे बघत म्हणाल्या. "फळी हाणली होती. भाकर करपली म्हणून."

मामा तेव्हा घाम पुसत जवळच उभे होते. त्यांनी ऐकलं. "पीत होतो तवा," ते म्हणाले.

"आता पीत नाय," मामी मला म्हणाल्या, "आता बिनपिताच मारतात. ह्या लोकांना."

मामा पावरी उचलून मेण गळतंय का बघत राहिले.

त्या दिवशी मामींनी मला कैलासबद्दल सांगितलं. त्यांच्याच गावचा. मामांनी पावरी शिकवलेल्यांत तोच एकटा पूर्ण शिकला. दमाचा एवढा पक्का की मामांच्याही पुढे जायचा. विशीतला असताना एका कार्यक्रमात त्याचं बोट भोकावरून लवकर उठलं. मामांनी तिथेच, लोकांसमोर, काठीनं त्याचा हात झोडपला. उजव्या हाताचं मधलं बोट पेरात मोडलं. ते वाकडंच जुळलं. त्यानंतर तो पुन्हा आला नाही. काही वर्षांनी पिकअप घेतली, तिच्यावर स्पीकर रचले आणि डीजेवाला झाला.

"हळदीत लाथ घातली ती त्यानंच," मामी म्हणाल्या.

तिसऱ्या कवळीचं माप घेताना मी मामांना विचारलं, "पोलिसांना कैलासचं नाव का नाही सांगितलं?" मापाचा लगदा तोंडात भरलेला होता, त्यांना तोंड उघडता येईना. तीन मिनिटं ते छताकडे बघत बसले. डोळ्यांच्या कडांतून पाणी कानाकडे ओघळत होतं. लगद्यानं पुष्कळांना येतं तसं पाणी, म्हणून मी लक्ष दिलं नाही. साचा काढल्यावर त्यांनी चूळ भरली आणि म्हणाले, "वाजवायला मी शिकवलं त्याला. मारायलाबी मीच. आता कुठल्या तोंडानं तक्रार करू?"

मग स्वतःच्याच बोलण्यावर हसले. "तोंडच नाय राहिलं."

मला मामा आवडायचे, हे मी लपवत नाही. सागाच्या पानात गुंडाळून ते मला डोंगरातलं मेण आणून द्यायचे. माझ्या कामाचं गुलाबी मेण त्यांनी एकदा हुंगलं होतं आणि तोंड वाकडं केलं होतं, "ह्याच्यात मधमाशी नाय." पण त्या रविवारनंतर त्यांच्या हाताकडे बघितलं की मला मामींचं मनगट आठवायचं. दोन्ही गोष्टी खऱ्या होत्या आणि मला त्या एकत्र ठेवता येत नव्हत्या. आजही येत नाहीत.

तिसरी कवळी जमली. मार्गशीर्षात त्यांच्या गावी डोंगऱ्या देवाचा उत्सव असतो. नवस केलेले लोक काही दिवस गावात नाचतात आणि शेवटी वाजत गाजत डोंगरावर देवाच्या ठिकाणी जातात. मामा म्हणाले, "तुमचे दात पहिल्यांदा देवापुढं वाजणार. या." मीही हौसेनं गेले. सावळघाट उतरून, पेठ मागे टाकून जीप गावात पोचली तेव्हा दुपार झाली होती.

वेशीपाशीच पिकअप उभी होती. डोंगराकडे जायचा रस्ता अडवून. गावातल्या तरुण लोकांनी यंदा डीजे ठरवला होता आणि डीजे कैलासचा होता. मी त्याला पहिल्यांदा पाहिलं. तिशी ओलांडलेला, शांत चेहऱ्याचा, नाकाचं हाड एका बाजूला बसलेला माणूस.

वेशीजवळच्या अंगणात मंडळानं फेर धरला. मामांनी पावरी तोंडाला लावली आणि त्याच वेळी पिकअपवरून गाणं सुटलं. पायाखालची माती थरथरली. मी मामांपासून तीन हातांवर होते. त्यांचे गाल फुगलेले दिसत होते, बोटं हलत होती, पण पावरी ऐकूच येत नव्हती. ढोलही नाही. नाचणाऱ्यांचे पाय एकमेकांवर पडू लागले. देवाचं सगळं पाहणाऱ्या भगतानं हात जोडून पिकअपकडे खूण केली, थांबवा. तिथून कुणीतरी आवाज आणखी वाढवला.

मामांनी डोळे उघडले. पावरी मामींच्या मांडीवर ठेवली. तोंडातून कवळी काढली, सदऱ्याला पुसली आणि माझ्या हातात दिली. "ही सांभाळा." भांडणाआधी माणूस चष्मा काढून ठेवतो, तसं. मग सरपणाच्या ढिगावरची कुऱ्हाड उचलून ते चालत गेले. धावले नाहीत.

पहिला घाव स्पीकरच्या मधोमध बसला. दुसरा त्याच्या शेजारच्या. तिसऱ्या घावाला गाणं एका शब्दावर अडकलं आणि बंद पडलं. त्या शांततेत कुऱ्हाडीचा आवाज तेवढा येत होता. पासष्टीचा माणूस, पण पोती उचलून खांदे असे झालेले की प्रत्येक घावाला लाकूड उभं चिरत होतं.

कैलास पिकअपवरून उतरला. त्याच्या हातात स्पीकरच्या सांगाड्याचा लोखंडी पाइप होता. मेहुणा मध्ये पडला. "अरे देवाच्या दारात..." एवढंच बोलला. पाइप त्याच्या खांद्यावर बसला आणि तो हात धरून खाली बसला, तिथून उठेना. मामांनी वळून कुऱ्हाड फिरवली. ती कैलासच्या दंडाला चाटून गेली. मांस उघडं पडलं. तो मागे सरकताना दगडाला अडखळून उताणा पडला, आणि मामा त्याच्या वर उभे राहिले.

कुऱ्हाड वर गेली. मी ओरडले का, ते आठवत नाही. मामींनी मागून दांडा धरला. मामांनी त्यांना झटकलं, त्या फरपटल्या, पण दांडा सोडला नाही. "सोडा," त्या म्हणत होत्या. एवढंच. "सोडा." मामांनी मान वळवून त्यांच्याकडे बघितलं. मग त्यांची बोटं सैल झाली. कुऱ्हाड मातीत पडली.

आणि तेव्हा कैलास मागे उठला आणि त्यानं पाइप मामांच्या डोक्यात घातला.

मीही मागोमाग धावले होते, दोन पावलांवर होते. टक् असा बारीक आवाज झाला. मामा पडले नाहीत. त्यांनी हात डोक्यामागे नेला, बोटांना लागलेलं रक्त बघितलं आणि तिथेच मांडी घालून बसले.

लोकांनी कैलासला धरलं. कुणी त्याला मारलं, कुणी सोडवलं. त्याच्या दंडावर धोतराची पट्टी आवळली. मामांना दवाखान्यात न्या, असं मी दहादा म्हणाले. ते "दम आहा, दम आहा" म्हणत राहिले. भगत म्हणाला, देवाला निघायला उशीर होतोय, पावरी वाजल्याशिवाय पाऊल उचलता येत नाही. मामांनी माझ्यापुढे हात केला. मी कवळी दिली. ती त्यांनी घातली, पावरी तोंडाला लावली. कवळी हलली नाही, घट्ट बसली होती. पण गालच फुगेनात. दोनदा प्रयत्न केला. दोन्हीदा नुसती फुसफुस.

मग त्यांनी पावरी पुढे केली. कैलासपुढे.

कैलास म्हणाला, "बोट वळत नाय मामा."

"वळंल तेवढं वळव."

त्याच्या दंडावरची पट्टी लाल होत होती. मग त्यानं पावरी घेतली.

दहा-बारा वर्षं हात न लावलेला माणूस. पहिल्यांदा श्वास तुटला, पुन्हा सुरू केलं. मग लागला आवाज. आम्ही डोंगर चढू लागलो. पुढे तो, मागे ढोल. मेहुण्याऐवजी वॉचमननं घेतलेला. मामा माझ्या खांद्यावर हात ठेवून चालत होते. चालीच्या दर फेरीत एका ठिकाणी कैलासचं वाकडं बोट भोक नीट झाकू शकत नव्हतं आणि सूर फाटायचा. दर वेळी मामांची बोटं माझ्या खांद्यात रुतायची. मला वाटलं, आता हे चिडतील. चढण संपत आली तेव्हा ते म्हणाले, "ताई, तो सूर फाटतो ना, तो माझा हाय. त्याचा नाय."

वर पोचल्यावर कैलासनं पावरी दगडावर ठेवली आणि कुणाशी न बोलता उतरून गेला.

मामा नाशकात परतले, दुसऱ्या दिवसापासून पोती उचलू लागले. डोकं दुखतं म्हणायचे. डॉक्टरीणबाईंनी फोटो काढून घ्या म्हणून चिठ्ठी दिली, ती त्यांच्या खिशात राहिली. बाराव्या दिवशी यार्डात कोबीच्या पोत्याला हात घालता घालता खाली बसले आणि आडवे झाले. सरकारी दवाखान्यात सांगितलं, डोक्यात जुन्या माराचं रक्त साठत गेलंय. ऑपरेशन झालं. तिसऱ्या दिवशी मामा गेले.

मार कसला, हे विचारायला पोलिस आले. मंडळ म्हणालं, डोंगरावर पाय घसरला. गाव म्हणालं, पाय घसरला. कैलास मयतीला आला होता. लांब दगडावर बसून होता. त्याच्याशी कुणी बोललं नाही आणि त्याच्याबद्दलही कुणी बोललं नाही.

आठवड्यानं मामी पडदा सारून माझ्या खोलीत आल्या. स्टुलावर बसल्या.

"तुम्ही बघितलं ना, ताई?"

मी मान डोलावली.

"मंग सांगा जाऊन. मीबी सांगणार हाय. पण मी त्यांची बायको. तुम्ही बाहेरच्या."

मी म्हटलं, "मामी, मामांनीच त्याच्या हाती पावरी दिली. त्यांनी त्याला माफ केलं असेल."

"केलं असंल," मामी म्हणाल्या. "माझं मनगट मोडलं तवा मी पडले म्हणून सांगितलं. कैलासचं बोट मोडलं, तो पडला म्हणून सांगितलं. ह्यांचे दात गेले, हेबी पडले. ह्यो माणूस मेला, तोबी पडूनच मेला म्हणतात. आमच्या घरात कुणाला कुणी मारतच नाय, ताई. सगळे नुसते पडतात." त्या रडत नव्हत्या. "आता बास."

"कैलास आत गेला तर पावरी कोण वाजवणार?"

त्यांनी माझ्याकडे अशा नजरेनं बघितलं की मला लाज वाटली. "वाजली नाय तर नाय वाजली," त्या म्हणाल्या.

मी दोन दिवस झोपले नाही. डॉक्टरीणबाई म्हणाल्या, या भानगडीत पडू नका. पण पोलिस चौकीत मामींना रोज एकटं जाताना मी बघत होते. तिसऱ्या दिवशी मी पोलिसांना जबाब दिला. काय पाहिलं ते सगळं सांगितलं. कुऱ्हाडही सांगितली, दंडाची जखमही सांगितली. कैलासला त्याच्या घरून नेलं. त्यानं विरोध केला नाही म्हणे.

पुढच्या आठवड्यात दवाखान्याची काच दगडानं फुटली. मग कैलासची बायको आली. तिनं पडदा ओढूनच काढला, मला उभं केलं आणि कानाखाली मारली. गालावर बोटं उठली. डॉक्टरीणबाई फोन उचलायला लागल्या, मी त्यांना थांबवलं. नंतर वाटलं, थांबवलं ते बरोबर की चूक? विचारलं असतं तर मीही 'पडले'च म्हणाले असते.

मेहुण्यानं मामींशी बोलणं टाकलं. सख्खा भाऊ, पण समोरून आला तर रस्ता बदलायचा. मंडळ उठल्यात जमा झालं. खटला अजून चालू आहे.

यंदाच्या मार्गशीर्षात मामींचा निरोप आला, या. मी भीत भीतच गेले. अंगणात मध्यभागी पावरी ठेवली होती, शिंगाला नवं मोरपीस बांधलेलं. ती उचलणारं कुणी नव्हतं. मेहुणा ढोल घेऊन आला होता, एक खांदा खाली झुकलेला. मामी बायकांत बसल्या होत्या. दोघांनी एकमेकांकडे बघितलं नाही.

ढोल सुरू झाला. चौघांनी फेर धरला, गावातले आणखी सात-आठ जण जोडले गेले. मला वाटलं, बरं चाललंय. मग लक्षात आलं की फेर एकाच बाजूला फिरतोय. या नाचात फेर मधूनच उलटा फिरतो, आणि कधी फिरायचं ते पावरीवाला सांगतो. सूर वर चढवतो, की सगळे वळतात. ढोलात ती खूण नसते. त्यामुळे ते डावीकडे जात राहिले. डावीकडे, डावीकडेच. पायांना वेग आला, माती उडू लागली, वॉचमनचा तोल गेला, त्याला शेजारच्यानं कमरेला आवळून धरलं. जो तो मधल्या रिकाम्या जागेकडे बघत होता आणि थांबायची कुणाची हिंमत नव्हती.

तेव्हा मामी बायकांतून उठल्या. पदर खोचला आणि छातीच्या तळातून ओरडल्या, "वळाऽऽ!"

मेहुण्यानं मान वर केली नाही. पण ढोलावर त्यानं सगळ्या ताकदीनं एक थाप हाणली, आणि अख्खा फेर उजवीकडे वळला.